यादीत नाव आहे ना?

जुलै २०२५. जर्मनीतल्या ऱ्हाइन-रूहर भागात वर्ल्ड युनिव्हर्सिटी गेम्स सुरू होते. भारताचा बॅडमिंटन संघ तिथे पोहोचला तेव्हा संघात बारा खेळाडू होते. सगळे कॉलेजात शिकणारे, म्हणजे तुमच्या-माझ्याच वयाचे. निवड झाली होती, व्हिसा झाला होता, विमानप्रवास झाला होता. स्पर्धेआधी मॅनेजर्स मीटिंग झाली. त्या मीटिंगमध्ये संघाची अंतिम यादी द्यायची असते. आपल्या बाजूने बारापैकी फक्त सहाच नावं नोंदली गेली.

उरलेले सहा जण खेळूच शकले नाहीत. त्यांना दुखापत झाली नव्हती, त्यांचा फॉर्मही गेला नव्हता. रॅकेट, शूज, किट सगळं सोबत होतं. नाव तेवढं कागदावर नव्हतं. ज्या सहा जणांची नावं होती, त्यांनी सगळा भार खांद्यावर घेतला आणि मिश्र सांघिक गटात ब्राँझ मेडल आणलं. एकीकडे मेडलचे फोटो व्हायरल झाले आणि दुसरीकडे बाहेर बसावं लागलेल्या खेळाडूंनी सोशल मीडियावर आपली कैफियत मांडली, तेव्हा कुठे देशाला हा प्रकार कळला. विद्यापीठांचे संघ पाठवणाऱ्या असोसिएशन ऑफ इंडियन युनिव्हर्सिटीजने, म्हणजे एआययूने, एका अधिकाऱ्याला निलंबित केलं आणि चौकशी समिती नेमली. एआययूची स्थापना १९२५ ची. शंभराव्या वर्षी हा घोळ झाला.

दोन-तीन दिवस बातम्या चालल्या. मग क्रिकेटची सिरीज, मग आणखी काही. आपण स्क्रोल करून पुढे गेलो. पण राजेहो, ही बातमी आपल्याच वयाच्या, आपल्यासारख्याच कॉलेजात नाव घातलेल्या पोरापोरींची होती. म्हणून या पानावर ती पुन्हा काढावीशी वाटते.

मला ही बातमी टोचली त्याचं कारण आमच्याच गावात आहे. नाचणगाव आणि पुलगाव एकमेकांना इतके चिकटून आहेत की एक कुठे संपतं आणि दुसरं कुठे सुरू होतं, हे बाहेरच्याला सांगताच येत नाही. इथल्या मोकळ्या जागेवर संध्याकाळी पोट्टे कबड्डी खेळतात. काही वर्षांपूर्वी त्या मैदानावर एकच पोरगी असायची. रेड टाकायला गेली की दोन गडी घेऊनच परत यायची. नाव लिहीत नाही, तिला ते आवडणार नाही. कॉलेजात गेल्यावर तिची टीममध्ये निवड झाली. स्पर्धेच्या दिवशी पहाटे उठून, डबा बांधून, सगळ्यांसोबत गाडीत बसून गेली. मॅचच्या आधी कागदपत्रं तपासली गेली तेव्हा कळलं की फॉर्मवर तिची जन्मतारीख चुकीची पडली आहे. दाखल्यावर एक, फॉर्मवर दुसरी. फॉर्म तिने भरलाच नव्हता. ऑफिसात कोणीतरी भरला होता आणि तो तिला कधी दाखवलाही नव्हता. दिवसभर ती बाजूला बसून मैत्रिणींच्या चपला, मोबाईल आणि पाण्याच्या बाटल्या सांभाळत राहिली. टीम हरली. बसमध्ये सर म्हणाले, "होतं असं कधी कधी. पुढच्या वर्षी बघू." पुढच्या वर्षी तिचं शेवटचं वर्ष होतं आणि घरी वेगळीच बोलणी सुरू झाली होती.

नाचणगावची ती पोरगी आणि जर्मनीतले ते सहा खेळाडू यांच्यात हजारो किलोमीटरचं अंतर आहे, पण दुखणं एकच. दोघांचाही सामना मैदानावर उतरायच्या आधीच टेबलावर हरला गेला. आणि टेबलावर बसलेला माणूस दोन्हीकडे खेळाडू नव्हता.

आपल्याकडे खेळाविषयी बोलताना आपण दोनच गोष्टी बोलतो. मेडल मिळालं की 'छाती अभिमानाने फुलली' आणि नाही मिळालं की 'आपल्याकडे टॅलेंटच नाही'. या दोन टोकांच्या मधे एक साधी गोष्ट असते, तिचं नाव सहभाग. मैदानावर उभं राहता येणं. ती गृहीत धरली जाते. पण सहभाग आपोआप मिळत नसतो. कोणीतरी वेळेवर फॉर्म भरतो, कोणीतरी नियम वाचतो, कोणीतरी मीटिंगला जाऊन हात वर करतो, तेव्हा तो मिळतो. हे काम करणारा कोणी नसेल, तर मनगटातली सगळी ताकद वाया जाते.

हे आजचं नाही. खाशाबा जाधवांची गोष्ट आपण शाळेत ऐकली आहे. १९५२ साली हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये कुस्तीत ब्राँझ जिंकून ते स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक पदकविजेते ठरले. गोष्टीचा दुसरा भाग मात्र कमी सांगितला जातो. जपानच्या शोहाची इशीसोबत त्यांची लांबलेली, दमवणारी कुस्ती झाली. त्यानंतर लगेच त्यांना सोव्हिएत संघाच्या रशीद मामेदबेयोवशी लढायला बोलावलं गेलं. नियमाप्रमाणे दोन कुस्त्यांच्या मधे किमान अर्ध्या तासाची विश्रांती मिळायला हवी होती. पण ते ठासून सांगायला भारताचा एकही अधिकारी त्या वेळी तिथे हजर नव्हता. थकलेले खाशाबा पुन्हा मॅटवर उतरले आणि हरले. त्या गटात इशीला सोनं मिळालं आणि मामेदबेयोवला रौप्य.

अर्ध्या तासाची विश्रांती मिळाली असती तर काय झालं असतं, हे कोणीच सांगू शकत नाही. पण ती मागायला माणूस हवा होता आणि तो नव्हता, एवढं नक्की. १९५२ ला खुर्ची रिकामी होती. २०२५ ला खुर्चीवर माणूस होता, पण यादी अपुरी गेली. त्र्याहत्तर वर्षांत आपण नेमकं काय शिकलो?

त्याच खाशाबांच्या गोष्टीत एक दुसरा माणूसही आहे आणि तो कॉलेजातला आहे. हेलसिंकीला जायला पैसे नव्हते. गावोगाव वर्गणी गोळा झाली, तरी पुरेना. तेव्हा कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचं घर गहाण ठेवून सात हजार रुपये उभे केले. आज प्राचार्यांनी घर गहाण ठेवावं असं कोणी म्हणत नाही. फॉर्मवरची जन्मतारीख एकदा दाखल्याशी ताडून बघावी, एवढंच म्हणतोय. मागणी किती लहान झाली आहे बघा, आणि तीही पूर्ण होत नाही.

आता थोडं आपल्या बाजूचं बघू. पुलगावच्या पुढे वर्धा नदीवरचा रेल्वेचा पूल ओलांडला की अमरावती जिल्हा लागतो. त्या अमरावतीत वैद्य बंधूंनी १९१४ मध्ये सुरू केलेलं हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ आहे. आपल्यापैकी कित्येकांचे पी.टी.चे सर तिथूनच शिकून आलेले आहेत. या मंडळाचं पथक १९३६ साली बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी जर्मनीला गेलं होतं. डॉ. सिद्धनाथ काणे त्याचे प्रमुख होते. तिथे या मंडळींनी कबड्डी आणि देशी व्यायामप्रकारांची प्रात्यक्षिकं करून दाखवली. ती काही पदकांची स्पर्धा नव्हती, पदकतक्त्यात त्याची नोंद नाही. पण ज्या कबड्डीला आपण 'गावठी खेळ' म्हणत होतो, ती विदर्भातल्या पोरांनी परदेशात नेऊन जगाला दाखवली. त्याच ऑलिंपिकमध्ये १५ ऑगस्टला ध्यानचंद यांच्या हॉकी संघाने यजमान जर्मनीला ८-१ असं हरवून सोनं जिंकलं होतं.

तेव्हा देश पारतंत्र्यात होता. क्रीडा मंत्रालय नव्हतं, ईमेल नव्हता, ऑनलाइन एन्ट्री नव्हती. बोटीचा प्रवास, पत्रव्यवहारात जाणारे महिने, वर्गणी आणि परवानग्या. तरीही अमरावतीहून निघालेली माणसं बर्लिनला पोहोचली आणि मैदानावर उतरली. पाठवणाऱ्या संस्थेला आपली माणसं माहीत होती, हे त्याचं एक कारण असावं. कोण जाणार, काय करणार, हे ज्यांनी ठरवलं तेच रोज सकाळी आखाड्यात त्यांच्यासोबत असायचे. आज यादी एका ठिकाणी तयार होते, दुसऱ्या ठिकाणी टाईप होते, तिसरा माणूस ती घेऊन जातो आणि ज्याचं नाव त्यात आहे त्याला ती कोणीच दाखवत नाही.

एखाद्या नाचणगावच्या मुलाला किंवा मुलीला वर्ल्ड युनिव्हर्सिटी गेम्सपर्यंत जायचं असेल तर रस्ता काय, तेही समजून घ्या. आधी कॉलेजच्या संघात निवड. मग आंतरमहाविद्यालयीन स्पर्धा. तिथून राष्ट्रसंत तुकडोजी महाराज नागपूर विद्यापीठाचा संघ. मग विभागीय आणि अखिल भारतीय आंतरविद्यापीठ स्पर्धा. तिथे चमकलात तर राष्ट्रीय निवड चाचणी आणि मग एआययूचा, म्हणजे भारताचा संघ. वय १८ ते २५ च्या आत हवं. प्रत्येक पायरीवर एक फॉर्म आहे. बोनाफाईड, बारावीची मार्कशीट, जन्माचा दाखला, ओळखपत्र, फोटो. म्हणजे खेळाचा कस एकदा लागत असेल तर कागदाचा पाच वेळा लागतो. आणि मैदानावर चूक झाली तर पुढच्या रेडमध्ये भरून काढता येते. कागदावर चूक झाली तर वर्ष जातं. आपल्याकडे अशी वर्षं तीन किंवा चारच असतात.

विदर्भात टॅलेंट नाही, हे तर कोणी बोलूच नये. नागपूरच्या ओजस देवतळेने २०२३ च्या ऑगस्टमध्ये त्याच बर्लिनमध्ये तिरंदाजीचं जगज्जेतेपद मिळवलं. काही आठवड्यांत हांगझोऊच्या एशियन गेम्समध्ये कम्पाउंड प्रकारात तीन सुवर्णपदकं जिंकली. वैयक्तिक, सांघिक आणि मिश्र. त्या स्पर्धेत भारताने पहिल्यांदा पदकांची शंभरी ओलांडली, एकूण १०७. पण ओजसला त्यासाठी घर सोडून साताऱ्याला प्रवीण सावंत सरांच्या अकादमीत जावं लागलं. उलट साताऱ्याकडचा प्रवीण जाधव बघा. फलटण तालुक्यातल्या सरडे गावातला, आईबाप मजुरी करणारे. जिल्हा परिषद शाळेतल्या विकास भुजबळ सरांनी त्याला हेरलं, मैदानावर आणलं. क्रीडा प्रबोधिनीतून तो अमरावतीला आला आणि तिथे धनुष्य हातात घेतलं. टोकियो ऑलिंपिकमध्ये त्याने जागतिक क्रमवारीतल्या दुसऱ्या क्रमांकाच्या तिरंदाजाला सरळ सेटमध्ये हरवलं. दोघांच्याही मागे एक-एक शिक्षक उभा आहे, ज्याला आपला खेळाडू नावाने आणि गुणांसकट माहीत होता. ज्यांना असा शिक्षक मिळाला नाही, त्यांची नावं आपल्याला माहीतच नाहीत. तिथेच तर खरी गोम आहे.

आता काही जण म्हणतील, चूक माणसाकडूनच होते. मुद्दाम कोणी केलं नसेल. शिवाय मेडल तर आलंच ना? मग एवढा गहजब कशाला?

चूक माणसाकडून होते हे मान्य. म्हणूनच तर दोन माणसांनी तपासायचं असतं. बँकेत दहा हजार काढायला गेलो तरी कॅशियर नोटा दोनदा मोजतो. बारा जणांच्या करिअरचा कागद एकदाही दुसऱ्या माणसाच्या नजरेखालून जाऊ नये? आणि मेडल आलं हे उत्तर तर मला सगळ्यात धोक्याचं वाटतं. मेडलने चूक झाकली जाते. त्या सहा जणांनी मेडल आणलं नसतं तर कदाचित जास्त कडक प्रश्न विचारले गेले असते. शिवाय एकूण चित्र काही फार गोजिरं नाही. २०२३ मध्ये चेंगडूला झालेल्या युनिव्हर्सिटी गेम्समध्ये भारताने ११ सुवर्णांसह २६ पदकं आणली होती. २०२५ मध्ये २ सुवर्णांसह १२. पदकं कमी-जास्त होण्याची कारणं अनेक असतात. त्या सगळ्याचं खापर यादीवर फोडणं बरोबर नाही. पण जिथे मैदानावरच आधीपेक्षा कमी मिळालं, तिथे टेबलावर आपणहून सोडून देणं परवडणारं नाही.

मग करायचं काय? 'व्यवस्था सुधारली पाहिजे' असं म्हणून लेख संपवता येतो. पण त्याने कोणाचंच नाव यादीत जात नाही. म्हणून चार साध्या मागण्या.

पहिली, कोणत्याही संघाची अंतिम यादी पाठवण्याआधी आणि पाठवल्यानंतर तिची प्रत प्रत्येक खेळाडूच्या मोबाईलवर गेली पाहिजे. खर्च शून्य. 'माझं नाव आणि जन्मतारीख बरोबर आहे' असं प्रत्येकाने उत्तर द्यायचं.

दुसरी, मॅनेजर्स मीटिंगला अधिकाऱ्यासोबत संघाचा कर्णधार किंवा एखादा ज्येष्ठ खेळाडू असावा. नियमात बसत नसेल तर मीटिंग संपल्याबरोबर कर्णधाराला कागद दाखवावा. आपल्या संघात कोण आहे हे खेळाडूंइतकं कोणाला माहीत असतं?

तिसरी, चौकशी समित्यांचं म्हणणं लोकांसमोर यावं. निलंबनाची बातमी मोठी होते आणि अहवाल कपाटात जातो. कुठे चुकलं हे खेळाडूंना कळलं नाही तर पुढच्या वेळी वेगळं काही होणार नाही.

चौथी आपल्या कॉलेजांसाठी. आंतरमहाविद्यालयीन स्पर्धांच्या तारखा, कोणती कागदपत्रं लागतात, शेवटची तारीख कोणती, हे सगळं वर्ष सुरू होतानाच वर्गाच्या ग्रुपवर यावं. जिमखान्याच्या बंद दाराआड लावलेली नोटीस मुलींपर्यंत तर पोहोचतच नाही. बाहेरगावाहून गाडीने ये-जा करणाऱ्यांपर्यंतही नाही. पुलगावहून सकाळच्या गाडीने वर्ध्याला जाणारा मुलगा परतीची गाडी पकडायच्या घाईत असतो. तो नोटीसबोर्ड कधी वाचणार?

शारीरिक शिक्षणाच्या सरांवर सगळं ढकलून मोकळं होणंही योग्य नाही. कित्येक कॉलेजांत सगळे खेळ, सगळ्या टीम, सगळे फॉर्म एकाच माणसाच्या गळ्यात असतात. त्यात निवडणुकीचं काम, परीक्षेचं काम. त्यांना मदतीला दोन विद्यार्थी द्या. आणि मित्रांनो, ते विद्यार्थी आपणच असायला हवेत. सगळ्यांनाच खेळता येत नाही. मला कबड्डीत श्वास पुरत नाही, हे आख्ख्या गावाला माहीत आहे. पण फॉर्म वाचता येतो, तारीख ताडून बघता येते, मेल पाठवून 'पोहोचला का' असं विचारता येतं. संघाला हेही लागतं. ज्याला मॅनेजमेंट शिकायचं आहे, ज्याला पत्रकारिता करायची आहे, ज्याला कायदा शिकायचा आहे, त्याला यापेक्षा चांगलं प्रॅक्टिकल कुठे मिळणार?

पुढच्या तारखा समोर आहेत. सप्टेंबर २०२६ मध्ये जपानला आयची-नागोयाचे एशियन गेम्स, २०२७ मध्ये दक्षिण कोरियात पुढचे वर्ल्ड युनिव्हर्सिटी गेम्स, २०३० चे कॉमनवेल्थ गेम्स अहमदाबादला. २०३६ चं ऑलिंपिक आपल्याकडे व्हावं यासाठी भारताने इच्छापत्रही दिलं आहे. अमरावतीची मंडळी बर्लिनला जाऊन आली त्याला त्या वर्षी बरोबर शंभर वर्षं होतील. स्टेडियम बांधायला हजारो कोटी लागतील आणि ते येतीलही. पण ज्या देशाला बारा जणांची यादी धड देता आली नाही, त्याने आधी ते शिकून घेतलेलं बरं.

कबड्डीवाली ती पोरगी आता गावातच असते. लग्न झालं, पण दोन गल्ल्या सोडून. संध्याकाळी तासभर लहान पोरापोरींची प्रॅक्टिस घेते. गेल्या आठवड्यात मी तिच्याकडे बसलो होतो. तिने एक दोनशे पानी वही दाखवली. एका पानावर एक नाव. जन्माचा दाखला बघून तारीख लिहिलेली, आधारवरच्या नावाचं स्पेलिंग, शाळेच्या रजिस्टरमधल्या नावाचं स्पेलिंग. दोन्ही जुळत नसतील तिथे लाल पेनाने गोल. अकरा गोल होते. त्यातल्या सात जणांच्या आईबापांना ती घरी जाऊन सांगून आली होती, बाकीच्या चौघांकडे जायचं होतं.

मी विचारलं, "एवढं सगळं कशाला करतेस? ही तर अजून सहावी-सातवीतली आहेत."

ती म्हणाली, "रेड टाकायला मी दोन वर्षांत शिकवीन. पण यादीत नाव नसलं तर बाहेर बसून काय वाटतं, ते मला शिकवायचं नाही."

उद्या कॉलेजात गेलात की जिमखान्यात एक चक्कर मारा. खेळत असाल तर आपला फॉर्म मागून बघा. खेळत नसाल तर जो खेळतो त्याचा बघा.